बिंका झेल्याझ्कोवा यांचे चित्रपट कसे पाहावेत: क्रम, तयारी आणि लेखन

बल्गेरियात कथाचित्रपट दिग्दर्शित करणारी पहिली स्त्री म्हणून बिंका झेल्याझ्कोवा (१९२३–२०११) यांचे नाव चित्रपटाच्या इतिहासात येते, आणि बहुतेक ठिकाणी त्या एका वाक्यावरच त्यांची ओळख थांबते. १९५७ ते १९८८ या काळात त्यांनी सात कथाचित्रपट आणि दोन माहितीपट केले. ही संख्या फार मोठी नाही. मन लावून पाहणाऱ्याला महिन्याभरात सगळे पाहता येतील. खरी अडचण वेगळी आहे. ज्या क्रमाने हे चित्रपट तयार झाले त्या क्रमाने ते बल्गेरियातील प्रेक्षकांपर्यंत पोहोचलेच नाहीत. पहिला चित्रपट तीस वर्षे पेटीत पडून राहिला, तिसरा पडद्यावर आला तोच मागे घेतला गेला आणि दोन्ही माहितीपट राजवट कोसळल्यानंतरच लोकांना दिसले. त्यामुळे चित्रपटांची यादी समोर ठेवून वरून खाली पाहत जाण्याची नेहमीची पद्धत इथे दिशाभूल करते. ज्यांना हे चित्रपट घरी नीट पाहायचे आहेत, फिल्म सोसायटीत दाखवायचे आहेत किंवा या दिग्दर्शिकेच्या आयुष्यावर मराठीत लेख लिहायचा आहे, त्यांच्यासाठी पुढील मार्गदर्शन आहे.

आधी तक्ता करावा

पहिला चित्रपट लावण्यापूर्वी कागदावर चार रकान्यांचा एक तक्ता आखावा. पहिल्या रकान्यात चित्रपटाचे नाव, दुसऱ्यात तो पूर्ण झाल्याचे वर्ष, तिसऱ्यात तो बल्गेरियात लोकांना प्रत्यक्ष पाहायला मिळाल्याचा काळ आणि चौथ्यात पटकथाकाराचे नाव लिहावे. तिसरा आणि चौथा हे दोन रकाने सर्वांत महत्त्वाचे आहेत, आणि घाईत केलेल्या परिचयलेखांत नेमके तेच गाळलेले असतात.

तक्त्याची पहिली ओळ अशी येईल: ‘झिवोतत सी तेचे तिहो’, म्हणजे ‘आयुष्य संथपणे वाहत आहे’. पूर्ण झाला १९५७, प्रदर्शन १९८८, पटकथा ह्रिस्तो गानेव यांची आणि दिग्दर्शन गानेव व झेल्याझ्कोवा या पतिपत्नींचे मिळून. त्यानंतर १९६१ चा ‘आ ब्याह्मे म्लादी’ (आणि आम्ही तरुण होतो) येतो. तो वेळेवर प्रदर्शित झाला आणि त्याच वर्षी मॉस्कोच्या आंतरराष्ट्रीय महोत्सवात त्याला सुवर्ण सन्मान मिळाला. १९६७ चा ‘प्रिवर्झानियात बालोन’ (बांधलेला बलून) योर्दान रादिचकोव या लेखकाच्या कथेवर आणि पटकथेवर बेतलेला आहे. तो लवकरच पडद्यावरून उतरवण्यात आला. १९७३ च्या ‘पोस्लेदनाता दुमा’ (शेवटचा शब्द) या चित्रपटाची पटकथा स्वतः झेल्याझ्कोवा यांची असून १९७४ साली तो कान महोत्सवाच्या स्पर्धा विभागात होता. १९७७ चा ‘बासेयनत’ (जलतरण तलाव) आणि १९८० चा ‘गोल्यामोतो नोश्त्नो कपाने’ (रात्रीचे मोठे स्नान) या दोन्हींच्या पटकथा पुन्हा गानेव यांच्या आहेत. त्यांपैकी पहिल्याला मॉस्कोत रौप्य सन्मान मिळाला, तर दुसरा १९८१ साली कानच्या ‘अँ सर्तँ रगार’ या मुख्य स्पर्धेबाहेरील विभागात दाखवला गेला. १९८१ सालीच ‘लित्से इ ओपाको’ (सुलट आणि उलट) आणि ‘नानी-ना’ हे दोन माहितीपट झाले. शेवटचा कथाचित्रपट ‘नोश्तेम पो पोक्रिवीते’ (रात्री, छपरांवरून) १९८८ चा आहे.

हा तक्ता तयार झाला की त्यातील रिकाम्या जागांकडे पाहावे. १९६१ आणि १९६७ यांत सहा वर्षांचे अंतर आहे, १९६७ आणि १९७३ यांतही सहाच वर्षांचे. पारितोषिक मिळाल्यानंतरही या दिग्दर्शिकेला पुढच्या चित्रपटासाठी सहा वर्षे लागली आणि बंदीनंतर पुन्हा सहा वर्षे गेली. या अंतरांच्या शेजारी पेन्सिलीने प्रश्नचिन्ह करून ठेवावे. त्यांचे उत्तर एका कारणात सापडणार नाही, पण चित्रपट पाहत असताना ही वर्षे डोळ्यांसमोर असली पाहिजेत. सगळ्यात विलक्षण योगायोग तक्त्याच्या दोन टोकांना दिसतो. पहिला चित्रपट आणि शेवटचा चित्रपट बल्गेरियाच्या प्रेक्षकांना एकाच वर्षी, १९८८ साली, भेटले.

किती इतिहास माहीत असावा

फार नको, पण थोडा अत्यावश्यक आहे. मार्च १९४१ मध्ये बल्गेरिया जर्मनीच्या बाजूने, जर्मनी, इटली व जपान यांच्या त्रिपक्षीय करारात सामील झाला. त्यानंतरच्या वर्षांत देशात फॅसिस्टविरोधी भूमिगत चळवळ चालली, तिच्यात शाळाकॉलेजांतील मुलेमुली मोठ्या प्रमाणावर होती, आणि पकडले गेल्यास त्यांना छळ व फाशी यांना सामोरे जावे लागे. ९ सप्टेंबर १९४४ रोजी सोव्हिएत सैन्य देशात शिरत असताना सत्तांतर झाले आणि पुढील काही वर्षांत कम्युनिस्ट पक्षाची एकहाती राजवट प्रस्थापित झाली. १९४८ साली चित्रपटव्यवसायाचे राष्ट्रीयीकरण झाले. मार्च १९५३ मध्ये स्टालिन वारला आणि एप्रिल १९५६ मध्ये बल्गेरियन कम्युनिस्ट पक्षाच्या बैठकीनंतर पक्षनेते तोदोर झिवकोव यांचे वर्चस्व सुरू झाले. ते १० नोव्हेंबर १९८९ पर्यंत टिकले. म्हणजे झेल्याझ्कोवा यांची संपूर्ण चित्रपट-कारकीर्द झिवकोव यांच्या काळात मावते.

झेल्याझ्कोवा यांचा जन्म तुर्कस्तान व ग्रीस यांच्या सीमेजवळ मारित्सा नदीकाठच्या स्विलेनग्राद या गावी झाला. तरुणपणी त्या भूमिगत चळवळीत होत्या. युद्धानंतर सोफियाच्या नाट्यसंस्थेत त्यांनी दिग्दर्शनाचे शिक्षण घेतले आणि विटोशा डोंगराच्या पायथ्याशी असलेल्या बोयाना येथील सरकारी स्टुडिओत साहाय्यक दिग्दर्शक म्हणून त्या काम करू लागल्या. हा तपशील केवळ चरित्रापुरता नाही. ज्या राजवटीने त्यांचे चित्रपट अडवले ती राजवट यावी म्हणून त्यांनी स्वतः जिवावर उदार होऊन काम केले होते. म्हणून त्यांच्या चित्रपटांतील टीका परक्याची किंवा शत्रूची नाही. आपण ज्यासाठी लढलो त्याचे काय झाले, असा जाब त्या आतून विचारतात. हे ध्यानात न घेता त्यांना सरसकट ‘कम्युनिस्टविरोधी दिग्दर्शिका’ म्हणणारे लेख पुष्कळ आढळतात. असे लेख चित्रपट न पाहता लिहिलेले असावेत, असे माझे स्पष्ट मत आहे.

आणखी एक यंत्रणा समजून घ्यावी. या व्यवस्थेत खासगी निर्माता नव्हता. पटकथा स्टुडिओच्या कलासमितीपुढे जाई, तिथे मंजूर झाल्यावर सरकारी पैशातून चित्रपट तयार होई आणि तयार झालेला चित्रपट पुन्हा तपासला जाई. त्यामुळे ज्या तिजोरीतून चित्रपटाला पैसा मिळाला तिचेच मालक तो कुलपात ठेवू शकत. आपल्याला प्रश्न पडतो की, चित्रपट इतका नकोसा होता तर तो मुळात होऊ का दिला. याचे उत्तर बऱ्याच अंशी कागद आणि पडदा यांतील अंतरात आहे. पटकथा वाचणाऱ्याला संवाद दिसतात. चौकट, प्रकाश, चेहरा आणि शांतता दिसत नाहीत. झेल्याझ्कोवा यांचे सामर्थ्य नेमके या न लिहिता येणाऱ्या गोष्टींत असल्यामुळे त्यांचे चित्रपट वाचताना सुटत आणि पाहताना अडकत, असे म्हणता येते.

कोणत्या चित्रपटापासून सुरुवात करावी

सुरुवात पहिल्या चित्रपटापासून करू नये. १९६१ च्या ‘आणि आम्ही तरुण होतो’पासून करावी. याची दोन कारणे आहेत. हा चित्रपट कोणत्याही पूर्वतयारीशिवाय मनाला भिडतो, हे पहिले. दुसरे असे की, बल्गेरियाच्या प्रेक्षकांना झेल्याझ्कोवा यांची ओळख याच चित्रपटाने झाली, कारण आधीचा त्यांना दाखवलाच गेला नव्हता. त्या प्रेक्षकाच्या जागी बसून पाहण्याचा हा सोपा मार्ग आहे.

कथा युद्धकाळातील सोफियात घडते. दिमो आणि वेस्का हे भूमिगत गटातील दोन तरुण. त्यांचे प्रेम फुलते ते गुप्त कामे, पाळत आणि अंधार यांच्या मधोमध. शेजारी राहणारी त्स्वेता ही चाकाच्या खुर्चीवरची मुलगी या कथेत तिसरी येते, आणि तिच्यामुळे ही केवळ वीरांची गोष्ट राहत नाही. प्रत्यक्ष लढू न शकणाऱ्या माणसाचे एकटेपणही गोष्टीत शिरते. पाहताना प्रकाशावर लक्ष ठेवावे. हवाई हल्ल्यांच्या भीतीने अंधारात बुडालेल्या शहरात हातातल्या विजेऱ्यांची वर्तुळे फरसबंदीवर फिरतात, एकमेकांना शोधतात, जवळ येतात. प्रेमाचा उच्चार करायला इथे संवाद लागत नाही. वासिल होलिओल्चेव यांचे छायालेखन आणि सिमेऑन पिरोंकोव यांचे संगीत यांच्या जोरावर हा प्रसंग साठ वर्षांनंतरही ताजा वाटतो.

प्रतिकारचळवळीवरचे चित्रपट त्या काळी पूर्व युरोपात भरपूर निघत होते आणि त्यांचा साचा ठरलेला होता: निर्भय नायक, क्रूर शत्रू, अखेरीस उजाडणारी पहाट. या चित्रपटातील मुले घाबरतात. त्यांच्या हातून चुका होतात, एकमेकांवर विश्वास ठेवावा की नाही या प्रश्नाने ती पोखरली जातात. वहीत एका पानावर साच्याप्रमाणे अपेक्षित असलेल्या गोष्टी लिहाव्यात आणि समोरच्या पानावर चित्रपटात प्रत्यक्ष काय घडते ते लिहावे. ही दोन पाने पुढे लेख लिहिताना फार उपयोगी पडतात.

मग मागे जावे, १९५७ कडे

दुसरा चित्रपट म्हणून ‘आयुष्य संथपणे वाहत आहे’ पाहावा. एकेकाळी डोंगरांत एकत्र लढलेले साथीदार, आता युद्ध संपून बरीच वर्षे झालेली. काही जण अधिकारपदावर पोहोचले आहेत, सुखवस्तू झाले आहेत, जुन्या सोबत्यांपासून दुरावले आहेत. या चित्रपटात दोषी कोण असा खटला नाही. माणूस कसा हळूहळू, जवळजवळ नकळत बदलत जातो, याचे निरीक्षण आहे. पण हंगेरीतील १९५६ चा उठाव नुकताच चिरडला गेला होता आणि सत्ताधारी पक्षातील सत्ताधारी माणसांविषयी असा प्रश्न विचारणे त्या वातावरणात सहन होणारे नव्हते. चित्रपटाचा पक्षाच्या पातळीवर निषेध झाला आणि तो बंद झाला.

‘आणि आम्ही तरुण होतो’ आधी पाहिल्याने या चित्रपटाचा अर्थ अधिक गडद होतो. तिथली तरुण मुले वाचली असती तर पुढे इथल्या माणसांसारखी झाली असती काय, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनात आपोआप उभा राहतो. तंत्राच्या दृष्टीने हा पहिलाच प्रयत्न आहे हे जाणवते. काही प्रसंग रंगमंचावरचे वाटतात, काही संवाद आवश्यकतेपेक्षा लांबतात. तरीही चेहऱ्यांच्या जवळून घेतलेल्या चौकटींत पुढच्या झेल्याझ्कोवा दिसू लागतात. पतिपत्नींनी मिळून दिग्दर्शन केल्याचा हा एकमेव कथाचित्रपट आहे, म्हणून यातील कोणते काम कोणाचे हे वाटून देण्याचा मोह टाळावा.

‘बांधलेला बलून’: दोनदा पाहावा

माझ्या मते हा त्यांचा सर्वश्रेष्ठ चित्रपट आहे, आणि मार्गदर्शनाची सर्वाधिक गरजही यालाच आहे, कारण पहिल्यांदा पाहताना अनेकजण अर्ध्या तासात गोंधळून सोडून देतात.

युद्धात शहरांच्या रक्षणासाठी पोलादी दोरांनी बांधलेले मोठे बलून आकाशात सोडत, म्हणजे कमी उंचीवरून उडणारी शत्रूची विमाने त्या दोरांत अडकावीत. असाच एक बलून सुटून एका दूरच्या खेड्यावर येऊन तरंगू लागतो. गावचे पुरुष बंदुका घेऊन त्याच्या मागे निघतात. तो पकडायचा, त्याच्या कापडाचे काहीतरी करायचे, किंवा नुसते तो काय आहे ते पाहायचे, यांपैकी त्यांचा नक्की हेतू कोणता हे त्यांनाही ठाऊक नसते. वाटेत दुसऱ्या गावच्या लोकांशी गाठ पडते, भांडण जुंपते आणि शेवटी शस्त्रधारी सत्ता येऊन पोहोचते. एवढेच कथानक आहे. रादिचकोव हे वायव्य बल्गेरियातील खेड्यात वाढलेले लेखक. तिथल्या बोलीतले थट्टेखोर, गोल गोल फिरणारे बोलणे आणि अद्भुताला सहज घरात घेणारी वृत्ती त्यांच्या लेखनात आहे. चित्रपटातले पुरुष पारावर जमलेल्या मंडळींप्रमाणे एकाच वेळी बोलतात, एकमेकांचे वाक्य पूर्ण करतात, मूळ मुद्दा विसरतात.

पहिल्या वेळी उपशीर्षके वाचण्याच्या मागे लागू नये. संवाद इतके वेगवान आहेत की वाचता वाचता चित्र निसटते, आणि हा चित्रपट चित्रातूनच समजतो. आवाज ऐकावा, चेहरे पाहावेत, बलूनचा प्रचंड, मऊ, निर्हेतुक आकार आणि त्याच्याखालची लहान माणसे यांचे प्रमाण पाहावे. वाटेत येणाऱ्या तरुणीचे स्पष्टीकरण शोधू नये. एमिल वागेनश्टाइन यांच्या कृष्णधवल छायालेखनात मोकळे माळ, काळे कपडे आणि पांढरे आकाश यांची मांडणी इतकी कठोर आहे की विनोदी प्रसंगातही भीती जाणवते. दुसऱ्या वेळी संवाद नीट वाचावेत. तेव्हा लक्षात येते की गावकऱ्यांचे हसू हे नुसते हसू नाही. वरून आदेश येण्याची सवय झालेल्या माणसांच्या डोक्यावर एक मोकळी, मालक नसलेली वस्तू आली तर काय होईल, या प्रश्नाचा तो शोध आहे. ते तिला पकडतात, तिच्यावर हक्क सांगतात आणि मग ती आपल्या हातून जाताना पाहतात.

बलून म्हणजे स्वातंत्र्य, गावकरी म्हणजे जनता आणि शिपाई म्हणजे राजवट, असा सरळ हिशेब मांडण्याचा मोह लेख लिहिणाऱ्याला होतोच. तो आवरावा. तसा हिशेब मांडला की चित्रपटातील निम्म्या गोष्टी शिल्लक उरतात आणि त्यांना जागा मिळत नाही. प्रतीक इतके सोपे असते तर ते पटकथेतच ओळखले गेले असते. त्याऐवजी एक प्रसंग निवडून त्यातील माणसांची हालचाल, कोण पुढे जातो, कोण मागे राहतो, कोण वर पाहतो आणि कोण जमिनीकडे, एवढेच काटेकोरपणे लिहावे. अर्थ त्यातून वाचकापर्यंत पोहोचतो.

कथाचित्रपट आणि माहितीपट एकत्र ठेवावेत

‘शेवटचा शब्द’ हा रंगीत चित्रपट आहे. प्रतिकारचळवळीत भाग घेतल्याबद्दल फाशीची शिक्षा झालेल्या सहा स्त्रिया तुरुंगात एकत्र आहेत. त्यांची वये वेगळी, स्वभाव वेगळे, आणि त्यांच्यातल्या एकीचे मूल तिथेच जन्माला येते. पटकथा झेल्याझ्कोवा यांची स्वतःची असल्यामुळे लेखिका म्हणून त्यांना ओळखण्यासाठी हा सर्वांत विश्वासाचा आधार आहे. पाहताना हे तपासावे की, झेल्याझ्कोवा कैदी स्त्रियांना एकसारख्या शूर करतात की वेगवेगळ्या. मरणापुढे प्रत्येकीची वागणूक निराळी आहे, कोणी गाते, कोणी गप्प होते, कोणी जगण्याच्या मोहाशी झगडते, आणि दिग्दर्शिका कोणाचाही निवाडा करीत नाही. त्यातील मांडणी कधी कधी फार सजवलेली वाटते, रंग आणि रचना वेदनेवर मात करतात असे मला वाटले, परंतु चेहरे पडद्यावर आले की ही तक्रार विसरायला होते.

या चित्रपटानंतर थेट १९८१ च्या दोन माहितीपटांकडे जावे. मधले दोन कथाचित्रपट नंतर पाहिले तरी चालतील. स्लिवेन येथे बल्गेरियातील स्त्रियांचा तुरुंग आहे. झेल्याझ्कोवा तिथे कॅमेरा घेऊन गेल्या आणि कैदी स्त्रियांना बोलते केले. इथे फाशीची वीरगाथा नाही, सामान्य गुन्ह्यांसाठी शिक्षा भोगणाऱ्या बायका आहेत. ‘नानी-ना’ हे शीर्षक अंगाईचे आहे. आठ वर्षांपूर्वी कल्पनेतून रंगवलेल्या तुरुंगातले बाळ आणि खऱ्या तुरुंगातल्या या आया शेजारी ठेवून पाहिल्या की दोन्ही कामांचा अर्थ बदलतो. समाजवादी राष्ट्रात गुन्हा आणि दारिद्र्य नाहीसे होत चालले आहे, असा अधिकृत दावा असताना त्या बायकांचे साधे बोलणेही असह्य ठरले असणार. माहितीपट अडवले गेले आणि राजवट गेल्यानंतरच ते दाखवले गेले. फिल्म सोसायटीत एकच संध्याकाळ मिळणार असेल तर मी ‘शेवटचा शब्द’ आणि त्यामागोमाग ‘नानी-ना’ हीच जोडी सुचवीन.

उरलेले तीन

‘जलतरण तलाव’ हा १९७० च्या दशकातील सोफियाचा चित्रपट आहे. शालान्त समारंभाच्या रात्रीनंतर पहाटे बेला नावाची तरुणी तलावाशी येते आणि तिथे अपोस्तोल या तिच्याहून कितीतरी मोठ्या पुरुषाशी तिची गाठ पडते. अपोस्तोलच्या मागे युद्धाचा आणि युद्धोत्तर निराशेचा भूतकाळ आहे, सोबत बुफो नावाचा त्याचा विनोदी मित्र आहे. तीस वर्षांपूर्वीच्या तरुणांनी आजच्या तरुणांना काय सांगावे, आणि ते ऐकून घेण्यात त्यांना रस आहे का, हा विषय आहे. संवादप्रधान आहे, म्हणून या वेळी मात्र चांगली उपशीर्षके असलेली प्रत मिळेपर्यंत थांबावे. ‘रात्रीचे मोठे स्नान’ काळ्या समुद्राच्या किनाऱ्यावर सुट्टी घालवणाऱ्या सुशिक्षित मंडळींविषयी आहे. प्राचीन थ्रेसच्या (आजच्या बल्गेरियाच्या परिसरातील प्रदेशाच्या) लोकांचा गळफासाशी खेळला जाणारा एक जीवघेणा खेळ त्यांच्यात शिरतो आणि सुखासीन दिवसांचा तोल ढळतो. तो सावकाश चालणारा चित्रपट आहे, आधीचे सगळे पाहिल्यानंतरच त्याचे वजन कळते. १९८८ चा शेवटचा चित्रपट पूर्णतेसाठी पाहावा, पण त्यापासून ओळख सुरू करू नये.

ह्रिस्तो गानेव यांचे नाव कसे लिहावे

गानेव (१९२४–२०२१) हे झेल्याझ्कोवा यांचे पती आणि दीर्घकाळचे पटकथाकार. त्यांनी मॉस्कोच्या चित्रपटसंस्थेत शिक्षण घेतले होते. १९७० साली सोव्हिएत राजवटीचे टीकाकार असलेले रशियन लेखक सोल्झेनित्सिन यांना नोबेल पारितोषिक जाहीर झाल्यावर बल्गेरियाच्या लेखक संघाने त्याचा निषेध केला, तेव्हा त्या निषेधाला साथ देण्यास नकार देणाऱ्या पाच लेखकांमध्ये गानेव होते आणि त्यापायी त्यांना पक्षातून काढण्यात आले. आता आपला तक्ता पुन्हा उघडावा. १९७३ च्या चित्रपटाची पटकथा एकट्या झेल्याझ्कोवा यांच्या नावावर आहे आणि १९७७ मध्ये गानेव यांचे नाव परत येते. या दोन नोंदी शेजारी मांडाव्यात आणि वाचकाला दाखवाव्यात. एकीमुळे दुसरी घडली असे विधान मात्र हातात पुरावा असल्याशिवाय करू नये.

दोन टोकाच्या चुका इथे होतात. काही लेख झेल्याझ्कोवा यांच्या कामाचे श्रेय पटकथाकार पतीकडे वळवतात, तर काही त्यांना एकाकी बंडखोर ठरवून गानेव, रादिचकोव, पिरोंकोव आणि छायालेखक यांची नावेच गाळतात. प्रत्येक चित्रपटाच्या उल्लेखात पटकथाकार आणि छायालेखक यांची नावे एकदा नोंदवली तर दोन्ही चुका आपोआप टळतात. त्यांची कन्या स्वेत्ला गानेवा याही छायालेखिका आहेत. हा उल्लेख करायचा तो त्यांच्या कामासाठी करावा, घराण्याच्या कौतुकासाठी नव्हे.

‘बंदी’ हा शब्द जपून वापरावा

लेखात प्रत्येक चित्रपटापुढे ‘बंदी घातलेला’ असे लिहिले की वाचकाला काहीच कळत नाही. चित्रपट अजिबात प्रदर्शित न होणे, प्रदर्शित होऊन मागे घेतला जाणे, मोजक्या प्रतींत थोड्या ठिकाणी दाखवला जाणे, आणि परदेशी महोत्सवात सन्मानाने पाठवला जात असतानाच देशात त्याची चर्चा दाबली जाणे, या चार वेगळ्या गोष्टी आहेत. शेवटची सर्वांत गुंतागुंतीची आहे. पाश्चिमात्य महोत्सवांत देशाची शान वाढवणारा चित्रपट सरकारला हवा होता. त्याच चित्रपटाने घरच्या माणसांना विचार करायला लावू नये, अशीही इच्छा होती. १९७४ आणि १९८१ मधील कानच्या निवडी या संदर्भात वाचाव्यात. आपण ज्या चित्रपटाविषयी लिहीत आहोत त्याच्या बाबतीत यांपैकी नेमके काय घडले याची खात्री होत असेल तेवढेच लिहावे, नसेल तर फक्त निर्मितीचे वर्ष देऊन पुढे जावे.

प्रती, परवानगी आणि प्रयोग

घरी पाहण्यासाठी इंग्रजी उपशीर्षकांसह काही प्रती आंतरजालावर सापडतात, पण त्यांचा दर्जा फार कमीजास्त असतो. ‘बांधलेला बलून’ची धूसर प्रत पाहून मत बनवू नये, कारण त्याच्या चौकटीतील काळ्यापांढऱ्याचा भेद धूसरपणात नाहीसा होतो. शक्य तितकी स्वच्छ प्रत मिळवावी आणि मोठ्या पडद्यावर, खोली अंधारी करून पाहावे. भ्रमणध्वनीच्या पडद्यावर विजेऱ्यांची वर्तुळे दिसतील, पण त्यांच्याभोवतीचा अंधार दिसणार नाही.

सार्वजनिक प्रयोगासाठी मात्र आंतरजालावरची प्रत वापरू नये. सोफियातील बल्गेरियन राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी पत्रव्यवहार करावा. पत्रात संस्थेचे स्वरूप, प्रेक्षकसंख्या, प्रयोग विनामूल्य आहे की सशुल्क, आणि कोणत्या स्वरूपातील प्रत चालवता येईल हे स्पष्ट लिहावे. दूतावासाच्या सांस्कृतिक विभागालाही त्याच पत्राची प्रत पाठवावी, कारण अशा कामात त्यांची मध्यस्थी उपयोगी पडते. उत्तराला वेळ लागतो हे गृहीत धरून प्रयोगाची तारीख बरीच पुढची ठेवावी. चित्रपटाआधी पाच मिनिटांपेक्षा मोठे प्रास्ताविक करू नये. तक्त्याची प्रत मात्र प्रत्येक प्रेक्षकाच्या हातात द्यावी. चर्चेची सुरुवात राजकारणाने केली तर ती तिथेच अडकते. एखाद्या दृश्याच्या वर्णनाने केली तर प्रेक्षक आपणहून राजकारणाकडे येतात आणि त्या वेळी त्यांच्या हाताशी पाहिलेले काहीतरी असते.

एल्का निकोलोवा यांनी झेल्याझ्कोवा यांच्यावर केलेला माहितीपट सर्व चित्रपट पाहून झाल्यावर पाहावा. त्याचे शीर्षक मराठीत ‘बिंका: शांततेची गोष्ट सांगताना’ असे होईल. तो आधी पाहिला तर त्यातील आठवणी आणि मते आपल्या डोळ्यांवर बसतात आणि चित्रपट त्या मतांची उदाहरणे होऊन राहतात. नंतर पाहिला तर आपण वहीत केलेल्या टिपणांशी ताडून पाहता येते, आणि पेन्सिलीने केलेली काही प्रश्नचिन्हे पुसता येतात. जी पुसता येणार नाहीत ती लेखातही प्रश्न म्हणूनच ठेवावीत.